जरीब

मानेवाड्यात सोमवारचे अडीच वाजतात
तेव्हा तिकडे रविवारची दुपार असते.
मी लॅपटॉपसमोर, कानाला हेडफोन,
अमेरिकन फुटबॉलचे तुकडे वेचते.
फेक, धडक, दुखापत, नाच,
प्रत्येक तुकड्याला एक चिठ्ठी.
महिन्याला एकवीस हजार.

तीन वर्षांत खेळ अर्धाच कळला,
पण एक माणूस पूर्ण कळला.
तो खेळत नाही. त्याच्या पाठीवर नाव नाही.
पोट सुटलेलं, एका गुडघ्याला पट्टा,
रेषेबाहेर उभा, हातात नारिंगी काठी
(नागपूरची असले तरी संत्र्याची उपमा देणार नाही).
काठीच्या तळाशी साखळी,
साखळीच्या दुसऱ्या टोकाला तसाच कुणी दुसरा.
मध्ये दहा यार्ड. म्हणजे तीस फूट.

पंचाला शंका आली की तो हात करतो
आणि हे दोघे धावत मैदानात येतात,
लग्नात थोरला काका मठ्ठा वाढायला धावतो, तसे.
सत्तर हजार माणसं एकदम गप्प.
कोट्यवधींचा पोरगा कमरेवर हात ठेवून
त्या साखळीकडे बघतो,
तलाठ्याच्या हातातल्या कागदाकडे बघावं तसा.

एका रात्री बाबा खोकत उठले, पाणी प्यायला.
माझ्या मागे थबकले. गडवा हातातच.
"का करून राह्यले हे?"
"मोजतायत."
"जरीब हाय ते!"
आणि मग, अगदी हळू,
"मागच्यानं ढिली सोडली, पाय. ताण म्हना त्याले."
"त्याला ऐकू जात नाही, बाबा."
"अन् भाऊ भाऊ हायेत का दोनी पार्ट्या?"

श्रावण बोरकुटे, भूमी अभिलेख, एकतीस वर्षं.
कुही, मौदा, भिवापूर.
साहेब बाभळीखाली नकाशा पसरून,
धुऱ्यावर दोन भाऊ, कुऱ्हाडी पोत्यात गुंडाळलेल्या,
आणि बाबा चिखलात उकिडवे, टोक दाबून,
कारण टोक चार बोटं हललं
की एकाची तूर दुसऱ्याची होते.
चहा कुणाकडचाच घ्यायचा नाही, हा नियम.
एकदा घेतला होता.
त्या गावाचं नाव ते काढत नाहीत.

पुढे तीन पायांचं यंत्र आलं.
शेवटची चार वर्षं बाबांनी
यंत्रावर छत्री धरली.

त्या रात्रीपासून बाबा रविवारी लवकर झोपतात
आणि अडीचला आपोआप उठतात.
माझ्या शेजारी प्लॅस्टिकची खुर्ची.
बॉल कुठे जातो ते बघतच नाहीत.
कडेला बघतात.
"आला का?"
"नाही अजून."

या मोसमात तो धावत आलाच नाही.
शंका आली, पंचानं हात केला,
आणि पडद्यावर एक निळी रेघ उमटली,
कॅमेऱ्यांनी आपसात ठरवलेली.
सात इंच कमी. लोक ओरडले, झालं.
माझ्या यादीतून 'मोजणी' ही चिठ्ठीच गेली,
कुणी ईमेलसुद्धा पाठवला नाही.

तो मात्र आहे अजून. रेषेबाहेर,
काठी धरून, गुडघ्याला पट्टा.
बाबांनी बराच वेळ पाहिलं.
"पगार देतेत ना त्याले?"
"देत असतील."
"छत्री तं नाही दिली हातात."

सहाला मी लॅपटॉप मिटला.
गच्चीवर चादरी पिळायच्या होत्या,
आईचे हात दुखतात हल्ली.
मी एक टोक बाबांकडे दिलं, मागे सरकले.
रिंगरोडकडून पहिला दुधाचा टेम्पो गेला.
बाबांनी पाय फाकवले, टोक मुठीत घट्ट आवळलं,
आणि चादरीपलीकडून ओरडले,
"ओढ! ढिली नको सोडू!"